दुय्यमांची मिरास

महसुली दप्तरात ‘दुय्यम’ हा शब्द अपमानाचा कधीच नव्हता. जमिनीची प्रत ठरविताना अव्वल, दुय्यम आणि सोयम असे वर्ग पडत, आणि अव्वल काळ्या रानाच्या धुऱ्याला लागून असलेल्या दुय्यम रानातही ज्वारी आणि तूर बिनबोभाट पिकत असे. दुय्यम निबंधकाच्या सहीवाचून आजही खरेदीखत पुरे होत नाही, आणि सही करणाराच्या हुद्द्यावरून त्या सहीची किंमत कोणी कमी लेखीत नाही. हाच शब्द नाटक-सिनेमाच्या दुनियेत रुजू झाला तेव्हा मात्र त्याची प्रत एकदम उतरली. इंग्रजीत त्या भूमिकेला ‘सपोर्टिंग’ म्हणतात, म्हणजे भार वाहणारी. हिंदीने ‘सहायक’ म्हटले. आम्ही ‘दुय्यम’ म्हणून मोकळे झालो, आणि पुढे तो शब्द जिभेला बोचू लागला तेव्हा ‘चरित्र अभिनेत्री’ असे एक चमत्कारिक पद शोधून काढले, जणू काही नायिकेला चरित्र म्हणून नसतेच! विसाव्या शतकाच्या मध्यावर, म्हणजे ढोबळ मानाने १९३५ ते १९७५ या चाळीस वर्षांत, मराठी घरांतून आलेल्या ज्या स्त्रियांनी मराठी आणि हिंदी पडद्यावर ही दुय्यम म्हणविली जाणारी कामगिरी केली, त्यांच्या कारकिर्दीचा हिशेब मांडावा, एवढाच या लेखाचा हेतू आहे.

हा हिशेब अमरावती-अकोल्यात बसून का मांडावा, असे कोणी विचारील. त्याला कारण आहे. १८५३ साली निजामाने वऱ्हाड इंग्रजांच्या हवाली केला, १९०३ साली तो मध्यप्रांताला जोडला गेला, १९५६ साली मुंबई राज्यात आणि १९६० साली महाराष्ट्रात आला. एवढ्या फेरफारांत ‘सी. पी. अँड बेरार’ हे नाव सरकारी नकाशावरून पुसले गेले, तरी चित्रपट-वितरकांच्या खतावणीत ते ‘सी. पी. बेरार’ म्हणून ठाण मांडून राहिले, आणि त्या मुलखाचा चित्रपटधंदा अमरावती आणि भुसावळ या दोन गावांच्या पेढ्यांवरून चालत आला. रिळांच्या पत्र्याच्या पेट्या आगगाडीने बडनेऱ्याला उतरत आणि तेथून गावोगाव पांगत. चित्रपट करणारे मुंबई, पुणे आणि कोल्हापूरचे. तो विकणारे आणि पाहणारे आम्ही. मुंबईकराला चित्रपट कसा घडला हे ठाऊक असते. तो चालला कशावर, हे वऱ्हाडच्या वितरकाला अधिक ठाऊक असते, आणि घरातल्या साऱ्या बायका छकड्यात घालून टॉकीजवर आणणारा चित्रपट नायिकेच्या रूपावर चालत नसून आईच्या, सासूच्या किंवा वहिनीच्या भूमिकेत कोण आहे यावर चालतो, हे ज्ञान त्या पेढ्यांवर फार पूर्वीपासून मुरलेले होते.

अमरावतीत तर टॉकीजांनी शहराचा भूगोलच आपल्या नावे करून घेतला. राजकमल चौक, प्रभात चौक, चित्रा चौक, सरोज चौक: पत्ता सांगावयाचा तर आजही याच नावांनी सांगावा लागतो, आणि ज्या पोराने यांपैकी एकाही टॉकीजात कधी तिकीट काढले नाही तेही रिक्षावाल्याला त्याच नावाने ठिकाण सांगते. कापूस विकून हाती पैसा आला की दिवाळीनंतरच्या दिवसांत या टॉकीजांना बहर येई, आणि पौषात बहिरमच्या जत्रेत तंबूतले सिनेमे लागत तेव्हा शहराचे तोंड न पाहिलेला प्रेक्षकही पडद्यावरच्या सासूला ओळखू लागे. आमच्या एक आत्याबाई होत्या. त्यांनी आयुष्यात मोजून दहा-बारा चित्रपट पाहिले असतील, तेही बायकांच्या बाजूला बसून आणि पदर डोक्यावरून ढळू न देता. जुना ‘दहेज’ पुन्हा लागला होता तेव्हा त्यांना घेऊन गेलो. व्ही. शांतारामांच्या १९५० च्या त्या चित्रपटात सुनेचा छळ करणारी सासू ललिता पवार यांनी उभी केली आहे. मध्यंतरापूर्वीच आत्याबाई उठून उभ्या राहिल्या आणि पडद्याकडे हात करून मोठ्याने म्हणाल्या, “काहून वो बाई, लेकीचा जीव घेतं का आता!” सभोवारच्या बायकांपैकी एकही हसली नाही. घरी परतताना त्यांना नायिकेचे नाव विचारले, ते त्यांना सांगता आले नाही. “थे ललिता पवार” एवढे मात्र त्यांच्या पक्के लक्षात होते. दुय्यम अभिनेत्रीला यापेक्षा मोठी सनद कोणता परीक्षक देणार?

तर मुळापासून आरंभ करू. बोलपटापूर्वीच्या रंगभूमीवर स्त्रीभूमिका पुरुषांकडे होत्या, आणि १९३२ साली ‘अयोध्येचा राजा’ या चित्रपटात दुर्गा खोटे तारामती होऊन आल्या तेव्हा एका सुशिक्षित, प्रतिष्ठित घरच्या स्त्रीने पडद्यावर यावे की नाही, हाच मुळी वाद होता. दुय्यम भूमिकेची चर्चा करण्यास कोणाला सवड नव्हती. तरीही या दशकातील सर्वोत्कृष्ट स्त्रीभूमिका कोणती, असा प्रश्न मला कोणी विचारला तर मी तारामतीचे किंवा ‘कुंकू’मधील नीरेचे नाव घेणार नाही. मी १९३६ च्या ‘संत तुकाराम’मधील जिजाईचे, म्हणजेच आवलीचे, नाव घेईन. दामले-फत्तेलाल यांच्या या चित्रपटाची गणना १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात पहिल्या तीन चित्रपटांत झाली, आणि त्याचे श्रेय बहुतेकांनी विष्णुपंत पागनीसांच्या तल्लीन मुद्रेला दिले. परंतु ती तल्लीनता ज्या भिंतीवर टेकून उभी आहे ती भिंत म्हणजे गौरी या अभिनेत्रीची आवली होय. प्रभात कंपनीत किरकोळ कामे करता करता पडद्यावर आलेली ही बाई. श्रेयनामावलीत तिला आडनावसुद्धा नाही. चूल, म्हैस, उपाशी पोरे आणि घरात एक दाणा नसताना अभंग रचीत बसलेला नवरा, या साऱ्यांशी एकाच वेळी भांडणारी तिची आवली विठोबावर पायताण उगारते तेव्हा प्रेक्षक हसतो, आणि पुढल्याच क्षणी आपण कोणाला हसलो हे उमजून ओशाळतो. तुकोबाचे वैराग्य खरे वाटावे म्हणून संसाराचे वजन खरे वाटावे लागते. ते वजन गौरीने उचलले. ‘भार वाहणारी’ या इंग्रजी शब्दाचा अर्थ मला तिच्यामुळे कळला. पुढे १९४१ च्या ‘संत सखू’त हंसा वाडकरांच्या सखूला छळणारी सासूही तिनेच केली. अशी दोन टोके एका अभिनेत्रीने पाच वर्षांच्या आत गाठावी आणि तिच्याविषयी एखादे पुस्तकही आपल्या हाती असू नये, याला काय म्हणावे?

‘कुंकू’ (१९३७) मधील विमला वसिष्ठ यांची काकी हीही त्याच जातीची, म्हणजे घराची किल्ली कमरेला लावून हिंडणारी. तिच्यावर अधिक थांबत नाही. ज्याने ती पाहिली त्याला वर्णन नको, आणि न पाहिलेल्याला ते पुरणार नाही.

आता ज्या व्यक्तीवर थांबणे अपरिहार्य आहे तिच्याकडे येतो. येवल्यास १९१६ साली जन्मलेल्या, मूळच्या अंबा सगुण आणि पुढे ललिता पवार या नावाने सर्वत्र ख्यात झालेल्या बाईंनी मूकपटांत लहानपणीच प्रवेश केला, विशीच्या आत नायिका म्हणून नाव मिळविले, १९३२ साली ‘कैलास’ या मूकपटाच्या आणि १९३८ साली टॉल्स्टॉयच्या कादंबरीवर आधारलेल्या ‘दुनिया क्या है’ या बोलपटाच्या निर्मितीतही हात घातला. म्हणजे ज्या वयात इतर मुली कंपनीच्या दारी रुजू होण्याची वाट पाहत त्या वयात ही बाई स्वतःच्या नावावर चित्रपट काढीत होती. १९४२ साली ‘जंग-ए-आजादी’ या चित्रपटाच्या चित्रणात सहनट भगवान यांच्या हाताची थप्पड जरा अधिक जोराने बसली, चेहऱ्याला अर्धांगाचा झटका आला आणि दीर्घ उपचारांनंतरही डावा डोळा कायमचा बारीक राहिला. नायिकेचा मक्ता त्या एका थपडेने संपला.

यापुढील हकिगत आमच्या अमरावतीला लागून आहे. १९४४ साली प्रभातने ‘रामशास्त्री’ काढला. त्याचे दिग्दर्शक आणि रामशास्त्री प्रभुण्यांच्या भूमिकेतील नट गजानन जागीरदार हे अमरावतीस १९०७ साली जन्मलेले. मागाहून पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटचे पहिले प्रमुखही तेच झाले. या चित्रपटात आनंदीबाईची भूमिका ललिता पवारांकडे आली. ‘ध’चा ‘मा’ करणारी आनंदीबाई ही मराठी मनातील कटकारस्थानाची मूर्तिमंत प्रतिमा. ज्या डोळ्याने नायिकेचे पद हिरावून घेतले तोच डोळा येथे कामी आला. एक भिवई किंचित वर, एक पापणी अर्धी मिटलेली, आणि ओठांवर आज्ञाधारक पत्नीचे गोड शब्द! ज्या व्यंगाला दुसऱ्या कोणी प्रकाशयोजनेच्या आड दडविले असते ते या बाईंनी उजेडात धरले. त्यांच्या पुढील पन्नास वर्षांच्या कारकिर्दीचे मूळपत्र म्हणजे ही आनंदीबाई, असे माझे स्पष्ट मत आहे, आणि ते मूळपत्र लिहून घेणारा दिग्दर्शक वऱ्हाडचा होता याचा आम्हांस थोडा अभिमान वाटला तर वाचकांनी क्षमा करावी.

जुन्या दख्खनी वहिवाटीत कुळांचे दोन प्रकार असत. उपरी कूळ सालाच्या कराराने जमीन कसे, आणि करार संपला की औत घेऊन पुढच्या गावी जाई. मिरासदाराचा हक्क पिढीजात. पीक बुडाले तरी तो गाव सोडून जात नसे आणि गावही त्याला सोडीत नसे. चित्रपटसृष्टीत नायिका ही उपरी कूळ आणि दुय्यम म्हणविली जाणारी अभिनेत्री ही मिरासदार, असा उलटा न्याय दिसतो. नायिकेचा करार दहा वर्षांचा, फार तर पंधरा. ललिता पवार मूकपटात होत्या आणि १९८७ साली दूरदर्शनच्या ‘रामायण’मध्ये मंथरा होऊन देशातील घराघरांत शिरल्या, तेव्हा त्यांच्याबरोबर कामाला आरंभ केलेल्या नायिकांपैकी पडद्यावर जवळपास कोणीही उरले नव्हते.

पण मिरासीला धारा द्यावा लागतो, आणि तो येथे वयाच्या रूपाने वसूल केला जाई. धारवाडला १९०९ साली जन्मलेल्या लीला चिटणीस १९४१ साली लक्स साबणाच्या जाहिरातीत झळकणाऱ्या पहिल्या भारतीय तारका झाल्या, आणि सातच वर्षांनी ‘शहीद’मध्ये दिलीपकुमारच्या आई झाल्या. त्यानंतर ‘आवारा’ आणि ‘गाईड’पर्यंत त्यांच्या डोक्यावरचा पदर पांढराच राहिला. त्यांनी ‘चंदेरी दुनियेत’ हे आत्मचरित्र लिहिले ते बरे झाले. नाहीतर पुढच्या पिढीला त्या जन्मतःच म्हाताऱ्या होत्या असे वाटले असते. बेळगाव भागातील खडकलाट गावच्या सुलोचनाबाईंचा दाखला याहून विलक्षण आहे. त्यांचा जन्म १९२८ चा. १९७० च्या ‘जॉनी मेरा नाम’मध्ये त्या प्राण आणि देव आनंद या दोघा भावांच्या आई आहेत, प्राण यांचा जन्म १९२० चा, देव आनंद यांचा १९२३ चा. म्हणजे आई थोरल्या लेकाहून आठ आणि धाकट्याहून पाच वर्षांनी लहान! एखाद्या वारसनोंदीत असा जन्मक्रम आला असता तर तलाठ्याने कागद फेकून दिला असता. पडद्यावर तो मंजूर झाला, इतकेच नव्हे तर लेकराला जवळ घेणारी ती आई पाहून हजारो माणसे रडली.

सुलोचनाबाईंच्या कारकिर्दीकडे जरा बारकाईने पाहिले की आणखी एक गोष्ट लक्षात येते. भालजी पेंढारकरांच्या कोल्हापुरी तालमीतून आलेल्या या अभिनेत्रीने ‘वहिनींच्या बांगड्या’ (१९५३), ‘धाकटी जाऊ’ (१९५८), ‘मोलकरीण’ (१९६३), ‘एकटी’ (१९६८) असे एकामागून एक मराठी चित्रपट स्वतःच्या खांद्यावर पेलले, ‘मराठा तितुका मेळवावा’ (१९६४) मध्ये जिजाबाई होऊन जिजाबाईंची एक प्रतिमाच मराठी मनात कायम केली, आणि त्याच वेळी हिंदीत मात्र त्या आईच्या एका ठशात बसविल्या गेल्या. मराठीत अव्वल, हिंदीत दुय्यम. दोन दप्तरांत दोन प्रती. त्या काळच्या मराठी चित्रपटांची नावे तरी पाहा: वहिनी, जाऊ, आणि १९५३ सालीच आलेली ‘श्यामची आई’. स्त्री म्हणजे कोणाची तरी कोण, हे शीर्षकातच नमूद आहे. ‘मोलकरीण’ हे नाव तेवढे व्यवसायाचे वाटते. आणि कथा उलगडते तेव्हा कळते की ही मोलकरीण त्या घरच्या मुलाची आईच आहे! व्यवसाय हा वेष, नाते हेच सत्य.

येथे दूरच्या एका मुलखाशी तुलना केल्यास मुद्दा अधिक उघड होईल. याच मधल्या काळात विलायतेच्या चित्रपटांत दुय्यम अभिनेत्रींचा असाच एक दांडगा ताफा होता. तेथे १९४५ च्या ‘ब्रीफ एन्काउंटर’मध्ये जॉयस केरी स्टेशनवरच्या उपाहारगृहाची तोऱ्याची चालक आहे, त्याच वर्षीच्या ‘ब्लाइद स्पिरिट’मध्ये मार्गारेट रदरफर्ड मृतात्म्यांना बोलावणारी मांत्रिकीण आहे, आणि पाच वर्षांनी त्याच बाई शाळेच्या कडक मुख्याध्यापिका झाल्या आहेत, १९५१ च्या ‘स्क्रूज’मध्ये कॅथलीन हॅरिसन झाडूपुसू करणारी बाई आहे, आणि आणखी एका चित्रपटात जॉयस ग्रेनफेल पोलीस आहे. त्या स्त्रिया कोणाच्या आई वा बहिणी असतील-नसतील. प्रेक्षकाला त्यांची ओळख पटते ती त्यांच्या धंद्यावरून. आमच्या पडद्यावर तसे नाही. आई, सासू, नणंद, जाऊ, आत्या, विधवा काकू: आमच्या दुय्यम अभिनेत्रीला हुद्दा नाही, नाते आहे. विलायतेतील माणसाला कामाचे वेड म्हणून तसे आणि आम्हांला नात्यांचे म्हणून असे, एवढ्यावर हा फरक टाकून देणे सोपे आहे. पण वऱ्हाडातील बाई त्याही काळी शेतात कापूस वेचीत होती, निंदण-खुरपण करीत होती, जिनिंगमध्ये हजेरी लावीत होती. ती कामावर जातच होती. पडद्यावर तेवढी ती चुलीपाशी बसलेली राहिली.

याला अपवाद शोधू गेले असता मोठी मौजेची गोष्ट हाती लागते. ललिता पवारांच्या ज्या भूमिकांवर लोकांनी द्वेषाऐवजी माया केली त्या कोणत्या? ‘श्री ४२०’ (१९५५) मधील केळीवाली, ‘अनाडी’ (१९५९) मधील घरमालकीण मिसेस डिसा, ‘आनंद’ (१९७१) मधील रुग्णालयाची मेट्रन डिसा. तिघींनाही धंदा आहे. तिघीही कोणाच्या सख्ख्या आई नाहीत, आणि तिघींच्याही मायेला नात्याचा दाखला लागलेला नाही. बाईंना नात्यातून सोडवून कामावर पाठवावे असे दिग्दर्शकाच्या मनात आले की त्यांचे नाव बहुधा डिसा होई, हेही ध्यानात घेण्याजोगे आहे. हिंदू घरातील प्रौढ बाई आपल्या पायावर उभी असून शिवाय प्रेमळही असू शकते, हे मानण्यास तेव्हाचा पटकथाकार सहसा तयार नव्हता. ‘मिस्टर अँड मिसेस ५५’मध्ये ललिता पवार स्त्रियांच्या हक्कांसाठी झटणाऱ्या पुढारी बाई आहेत, आणि तेथे त्यांची पुरती थट्टा केलेली आहे. गुरुदत्तसारख्या संवेदनशील कलावंताच्या हातून हे झाले, याचे मला आजही वाईट वाटते.

विलायतेत १९५५ साली ‘द लेडीकिलर्स’ निघाला. आयुष्यभर लहानसहान कामे करीत आलेल्या केटी जॉन्सन या शहात्तरीच्या आसपासच्या बाईंनी त्यात दरोडेखोरांना खोली भाड्याने देणारी भाबडी घरमालकीण रंगविली आणि ब्रिटिश अकादमीचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार पटकावला. चारच वर्षांनी आमच्याकडे मिसेस डिसाने राज कपूरच्या अनाडी भाडेकरूला लटक्या रागाने घराबाहेर काढता काढता फिल्मफेअरचा सहायक अभिनेत्रीचा पुरस्कार मिळविला. दोन देशांतील दोन घरमालकिणी! एकीला अव्वलचा मान मिळाला, दुसरीला दुय्यमचा. आणि दोघींची चित्रे आज शेजारी शेजारी ठेवली तर माझे माप मिसेस डिसाच्या पारड्यात जास्त पडेल, कारण भेसळीच्या औषधाने मरणारी ती बाई चित्रपट संपल्यावरही प्रेक्षकाच्या घरी येते.

पुरस्कारांचा विषय निघालाच आहे तर तोही उरकून घेऊ. अमेरिकेच्या अकादमीने दुय्यम नट-नटींचा वर्ग १९३६ च्या चित्रपटांपासून सुरू केला, पण पहिली काही वर्षे त्यांच्या हाती पुतळ्याऐवजी नुसता फलक ठेवला. पंगत एक, पाट दोन. ब्रिटिश अकादमीला हा वर्ग १९६८ च्या चित्रपटांसाठी सुचला. आमच्याकडे फिल्मफेअरने १९५५ च्या समारंभापासून तो सुरू केला आणि पहिला मान ‘बादबान’साठी उषा किरण यांना दिला. त्यानंतर नलिनी जयवंत (‘काला पानी’), ललिता पवार (‘अनाडी’), नंदा (‘आंचल’) आणि सलग दोन वर्षे शशिकला (‘आरती’ आणि ‘गुमराह’): पहिल्या दहा पुरस्कारांपैकी सहा मराठी घरच्या स्त्रियांकडे गेले. हिंदी चित्रपटाची नायिका पंजाबातून, बंगालमधून, मद्रासेतून येवो. घर सांभाळण्यासाठी बाई महाराष्ट्रातूनच मागविली जाई, असा याचा अर्थ कोणी केला तर तो सर्वस्वी चुकीचा ठरणार नाही. ‘देवदास’मधील चंद्रमुखीसाठी वैजयंतीमालेला हाच पुरस्कार दिला गेला तेव्हा आपली भूमिका दुय्यम नव्हतीच म्हणून तिने तो नाकारला. तिचे म्हणणे रास्त होते. ते तितक्याच ठणकावून सांगण्याची ऐपत बाकीच्यांपैकी किती जणींची होती, हा प्रश्न वेगळा. दुर्गाबाईंना हा पुरस्कार मिळाला तो ‘बिदाई’साठी, सत्तरीला टेकल्यावर. सुलोचनाबाईंचे नाव त्या यादीत मुळी नाहीच. राष्ट्रीय पुरस्कारांत तर सहायक अभिनेत्रीची स्वतंत्र नोंद १९८४ च्या चित्रपटांपासून होऊ लागली, आणि ‘पार्टी’साठी तिची पहिली मानकरी ठरली रोहिणी हट्टंगडी, म्हणजे पुन्हा मराठीच. त्याच रोहिणीबाईंनी त्याआधीच ‘गांधी’तील कस्तुरबांसाठी ब्रिटिश अकादमीचा सहायक अभिनेत्रीचा पुरस्कार मॉरीन स्टेपल्टन या अमेरिकन अभिनेत्रीसमवेत विभागून घेतला होता. विलायतेने आपल्या घरमालकिणींना आणि मोलकरणींना जो वर्ग इतक्या उशिरा बहाल केला तो पुण्याच्या मुलीने सेवाग्रामच्या बांना मिळवून दिला. आम्हां वऱ्हाडकरांना सेवाग्राम म्हणजे शेजारचे घर, म्हणून हे मुद्दाम नमूद केले.

सोलापूरच्या शशिकलेवर वास्तविक स्वतंत्र लेख व्हावा. नायिकेला खलनायिकेने मागे सारावे, असे तिच्या बाबतीत अनेकदा घडले. येथे एकाच चित्रपटाचा उल्लेख करतो. १९५९ च्या ‘सुजाता’त बिमल रॉय या बंगाली दिग्दर्शकाने अस्पृश्य मुलीला वाढविणाऱ्या ब्राह्मण घराची गोष्ट सांगितली, त्या घरातील मानलेली मुलगी नूतन, आई सुलोचना, सख्खी मुलगी शशिकला आणि सोवळेओवळे घेऊन येणारी आत्या ललिता पवार. कथा बंगाली, भाषा हिंदी, आणि घरातल्या चारही बायका मराठी! पोरीला जवळ घ्यावे की नको या संभ्रमात पदराशी चाळा करणाऱ्या सुलोचनाबाई आणि तिच्या सावलीपासूनही दूर सरणाऱ्या ललिताबाई या दोघींमध्ये नूतन उभी आहे म्हणून नूतनचा गप्प चेहरा इतका बोलतो. ज्यांना या लेखाचा विषय एका चित्रपटात पाहावयाचा असेल त्यांनी ‘सुजाता’ पाहावा.

वऱ्हाडच्या माणसाची एक खंत मात्र या साऱ्या वैभवाने भागत नाही. या चाळीस वर्षांत पडद्यावरची आई पुणेरी बोलली, कोल्हापुरी बोलली, लखनवी हिंदी बोलली. आमची ‘माय’ बोलली नाही. १९६० साली अमरावतीच्या उद्धव शेळके यांनी ‘धग’ लिहून कौतिक नावाची जी बाई मराठी साहित्यात आणली, नवऱ्याच्या दुबळेपणाशी, दारिद्र्याशी आणि रोगाशी एकटीने झुंजणारी आणि हे सारे अस्सल वऱ्हाडी बोलीत बोलणारी, तिच्या तोडीची प्रौढ स्त्रीभूमिका त्या काळच्या मराठी पडद्याने लिहिली नाही. गौरीची आवली एवढीच तिची पडद्यावरची सख्खी बहीण. धामणगावच्या राजदत्तांसारखा आमच्याच जिल्ह्याचा दिग्दर्शक राजा परांजप्यांच्या हाताखाली तयार होऊन १९६७ पासून मराठीत स्वतंत्रपणे उभा राहिला, गाडगेबाबांच्या जीवनावर १९७७ साली ‘देवकीनंदन गोपाला’ त्यांनीच केला. तथापि चित्रपटाचे भांडवल आणि बाजार पश्चिमेकडे असताना एकट्या दिग्दर्शकाने बोली किती आणावी यालाही मर्यादा असतात. दादा कोंडक्यांनी १९७१ च्या ‘सोंगाड्या’पासून रत्नमाला यांच्याकडून जी ‘आये’ करवून घेतली तिने निदान आईच्या तोंडची भाषा सोवळ्यातून बाहेर काढली. कोणे एके काळी हिंदीत नायिका असलेल्या रत्नमाला यांची पिकल्या वयातील ती खणखणीत हाक आमच्या टॉकीजांत शिट्ट्यांनी झेलली जाई. ती बोली आमची नव्हती, पण ती बाई ओळखीची होती.

शेवटी एका वस्तूविषयी लिहावयाचे राहिले. त्या काळी टॉकीजच्या दारात आणा-दोन आण्यांना गाण्यांची चोपडी मिळे. मुखपृष्ठावर नायक-नायिकेचे चित्र, आत कथेचा अर्धामुर्धा सारांश आणि “पुढे काय होते ते पडद्यावर पाहा” अशी विनंती, मग गाणी. आणि या सर्वांच्या आधी बारीक टाइपात भूमिकांची यादी. त्या यादीच्या तळाला, ‘व इतर’ या दोन शब्दांच्या किंचित वर, या लेखातील बायका राहतात. त्यांतील कित्येकींचे पुरे नाव आज फक्त त्या चोपडीतच सापडेल, कारण मूळ चित्रपटांच्या प्रती जळाल्या, वितळल्या, हरवल्या. आत्याबाई गेल्यावर त्यांच्या पेटीत, लुगड्यांच्या घडीखाली, अशा नऊ चोपड्या निघाल्या. त्यांना वाचता येत नव्हते. अमरावती-अकोल्याच्या, अचलपूर-मूर्तिजापूरच्या ज्या घरांत अशा चोपड्या अजून शिल्लक असतील त्यांनी त्या रद्दीवाल्याच्या तराजूत घालण्यापूर्वी पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला एक पत्र टाकावे, आणि पत्रात नायिकेच्या नावाबरोबर यादीतील शेवटचे नावही लिहावे.